‘जाने भी दो यारों’ : एक पूल, एक प्रेत आणि दोन साधी माणसे

अभिनेते सतीश शहा २५ ऑक्टोबर २०२५ रोजी मुंबईत वारले. वर्तमानपत्रांनी त्यांच्या दूरदर्शनवरील भूमिकांची आठवण काढली. परंतु ज्या घरांतून जुने बोलपट अजून आवडीने पाहिले जातात, तेथे सर्वांना पहिल्यांदा आठवले ते एक प्रेत. कुंदन शहा यांच्या ‘जाने भी दो यारों’ या १९८३ सालच्या चित्रपटात सतीश शहा मुंबईचे महापालिका आयुक्त डिमेलो झाले आहेत. मध्येच त्यांचा खून होतो आणि पुढचा सगळा चित्रपट ते मेलेल्या माणसाचे काम करतात. ते काम असे, की जिवंत नटांनी हेवा करावा.

येथे बहरीनमध्ये आम्ही तीन-चार मराठी घरांनी मिळून एका शनिवारी शब्बाथ सुटल्यावर हा चित्रपट पुन्हा लावला. आमच्यापैकी ज्यांनी तो पूर्वी व्हिडिओ कॅसेटवर पाहिला होता त्यांना पुढचे विनोद तोंडपाठ होते, आणि ते विनोद येण्याआधीच हसत होते. परदेशात जन्मलेली मुले मात्र त्या त्या ठिकाणीच हसली, आणि शेवट आल्यावर गप्प झाली. मग एका मुलीने विचारले, “म्हणजे शिक्षा या दोघांनाच? मग याला कॉमेडी का म्हणतात?” मोठ्यांपैकी कोणी म्हणाले, अगं सिनेमाच आहे तो. आमच्या मते मुलीचा प्रश्न योग्य होता आणि उत्तर अगदीच लंगडे होते. म्हणून हा लेख.

धांदलीच्या विनोदी चित्रपटांचा एक जुना प्रकार आहे. साधी, काहीशी वेंधळी माणसे नको तिथे जाऊन पडतात, चुकून एखादे मोठे काम त्यांच्या हातून होते आणि जग त्यांना वीर म्हणू लागते. चॅप्लिनच्या ‘मॉडर्न टाइम्स’मध्ये (१९३६) मालमोटारीवरून पडलेले निशाण परत देण्यासाठी तो बिचारा ते उचलून हलवतो, मागून मोर्चा येतो आणि हा क्षणात पुढारी ठरतो. आपल्या वाडवडिलांनी ज्यांना जाड्या-रड्या हे सुंदर नाव दिले त्या लॉरेल-हार्डींचेही बरेचसे पोट याच प्रकारावर भरले. मराठीत महेश कोठाऱ्यांच्या ‘दे दणादण’मध्ये (१९८७) लक्ष्मीकांत बेर्डे यांच्या साध्या हवालदाराला दैवी शक्ती मिळते आणि गुंडांची पळता भुई थोडी होते. या प्रकाराचा प्रेक्षकाशी एक अलिखित करार असतो. नायक कितीही धडपडो, त्याची धडपड शेवटी सत्कारणी लागणार. अंधारात मारलेली लाथ नेमकी खलनायकालाच बसणार.

‘जाने भी दो यारों’ हा करार पाळतो आहे असे दोन तास वाटत राहते, आणि शेवटच्या पाच मिनिटांत तो करार फाडून टाकतो. या एका गोष्टीसाठी आम्ही या चित्रपटाला त्या काळच्या बाकी सर्व हिंदी विनोदी चित्रपटांहून वरची जागा देऊ.

कथा थोडक्यात सांगायला हरकत नाही, कारण ती माहीत असूनही चित्रपटाची गोडी कमी होत नाही. विनोद (नसीरुद्दीन शहा) आणि सुधीर (रवी बासवानी) हे दोन गरीब छायाचित्रकार हाजी अलीच्या भागात ‘ब्युटी फोटो स्टुडिओ’ उघडतात. गिऱ्हाईक फिरकत नाही. ‘खबरदार’ नावाच्या नियतकालिकाच्या संपादिका शोभा सेन (भक्ती बर्वे) त्यांना काम देतात : बिल्डर तरनेजा (पंकज कपूर) आणि आयुक्त डिमेलो यांच्यातील देवघेवीचे चोरून फोटो काढायचे. इकडे पाच हजार रुपयांच्या बक्षिसाच्या आशेने दोघे एका स्पर्धेसाठी शहरभर फोटो काढत हिंडतात. त्यातला एक फोटो धुऊन मोठा केल्यावर कोपऱ्यात दिसते, कोणीतरी कोणावर तरी पिस्तूल रोखले आहे. आणखी मोठा केल्यावर पिस्तूलवाला तरनेजा निघतो. (ही कल्पना आंतोनिओनी या इटालियन दिग्दर्शकाच्या १९६६च्या ‘ब्लो-अप’वरून घेतलेली आहे. ती लपवलेली नाही. ज्या बागेत खून होतो तिचे नावच आंतोनिओनी पार्क ठेवले आहे. उसनवारी करावी तर अशी.) मेलेला माणूस म्हणजे आयुक्त डिमेलो. त्यांचे प्रेत नाहीसे होते, त्यांच्याच स्मरणार्थ उभ्या राहिलेल्या उड्डाणपुलापाशी सापडते, दारूच्या नशेत असलेल्या दुसऱ्या बिल्डराच्या, आहुजाच्या (ओम पुरी), हाती लागते, आणि मग ते प्रेत ज्याला त्याला हवे होते.

येथे थोडे थांबून त्या पुलाकडे पाहू. मुंबईतला पहिला उड्डाणपूल केम्प्स कॉर्नरचा, १९६५ सालचा. आपल्यापैकी जी कुटुंबे पन्नास-साठच्या दशकात बोटीत बसून गेली, त्यांच्या मुंबईत पूल म्हणजे रेल्वेवरचे पूल, भायखळ्याचा, परळचा, ग्रँट रोडचा. उड्डाणपूल ही नव्या पैशाच्या मुंबईची खूण, आणि कुंदन शहांनी बरोबर तीच निवडली. तरनेजाच्या बांधकामात सिमेंट कमी आणि वाळू जास्त. ज्या काळी हा चित्रपट लिहिला गेला त्या काळी सिमेंटवर सरकारी नियंत्रण होते. ते अंशतः उठले १९८२ साली. परवान्याशिवाय पोते मिळत नसे, आणि परवान्यासाठी कोणाच्या दारी जावे लागे हे गिलावा काढणाऱ्या गवंड्यालाही ठाऊक होते. जानेवारी १९८२मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने सिमेंटचे वाटप आणि ट्रस्टांना मिळालेल्या देणग्या यांच्या संबंधावर निकाल दिला आणि मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांना राजीनामा द्यावा लागला. पुढे खटला वर्षानुवर्षे चालला आणि सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, तो भाग निराळा. अंतुले आपल्याच मुलखातले. कुलाबा जिल्ह्याचे नाव रायगड झाले ते त्यांच्याच कारकिर्दीत, १९८१ साली. म्हणून हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला तेव्हा आपल्याकडच्या जाणत्या माणसांना वाळूमिश्रित पुलाचा विनोद समजावून सांगावा लागला नव्हता.

बहरीनला त्या कॅसेटी फिरत होत्या त्या दिवसांत येथे समुद्रावर पंचवीस किलोमीटरचा पूल उभा राहत होता, बहरीन आणि सौदी अरबस्तान यांना जोडणारा. २६ नोव्हेंबर १९८६ रोजी त्याचे उद्घाटन झाले आणि तो आजही रहदारी पेलतो आहे. दिवसा असल्या प्रचंड बांधकामांच्या प्रदेशात राबायचे आणि रात्री आपल्या शहरातला उड्डाणपूल पडद्यावर कोसळताना पाहून पोट धरून हसायचे, हा योग आखातातल्या हिंदी माणसांच्याच नशिबी आला. त्या हसण्यात थोडी मानहानी मिसळलेली होती हे आम्ही ज्येष्ठांकडून ऐकले आहे. आणि ती जुनी झाली असेही नाही. १४ मार्च २०१९ रोजी छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसजवळचा पादचारी पूल कोसळून माणसे मेली, तेव्हा पुष्कळांना हा चित्रपट आठवला.

आता प्रेताकडे येऊ. धांदलीच्या विनोदाचा एक हुकमी मार्ग म्हणजे दोन माणसांच्या गळ्यात एक अवजड वस्तू बांधायची आणि तिला जिन्यावरून, रस्त्यावरून न्यायला लावायचे. जाड्या-रड्यांच्या ‘द म्युझिक बॉक्स’मध्ये (१९३२) ती वस्तू पियानो होती. तेथे पियानो हा नुसता पियानो असतो. येथे अवजड वस्तू म्हणजे पुरावा आहे. विनोद-सुधीर ज्याला ओढत, ढकलत, चाकांवरून पळवत नेतात तो केवळ मेलेला माणूस नव्हे. शहरात काय घडले ते सिद्ध करणारी एकमेव गोष्ट त्यांच्या हाती आहे. म्हणून प्रेत जिन्यावरून घसरते तेव्हा आपण हसतो आणि त्याच वेळी जीव मुठीत धरतो. सतीश शहांनी हे फार ओळखले होते. जिवंतपणीचा त्यांचा डिमेलो खादाड आणि बढाईखोर, अमेरिकेहून आल्यावर तिथल्या गटारांचेही गुणगान करणारा. मेलेला डिमेलो मात्र भारदस्त. डोळे उघडे, ओठांवर किंचित समाधान, मान ज्या बाजूला टाकाल त्या बाजूला. आम्ही या वेळी मुद्दाम त्यांच्यावरच नजर ठेवली. एकदाही हा माणूस विनोद ‘करताना’ दिसत नाही, आणि जेवढे कमी करतो तेवढी त्याच्याभोवतीची धावपळ अधिक हास्यास्पद होते. संकलन रेणू सलुजा यांचे. पाठलागात कोण कोणाच्या मागे आहे याचा गोंधळ पात्रांचा होतो, प्रेक्षकाचा होत नाही. हे लिहायला सोपे आहे. करायला फार अवघड आहे.

पाठलाग जाऊन थडकतो तो एका नाटकाच्या रंगमंचावर. द्रौपदी वस्त्रहरण चालू आहे, आणि गर्दीत प्रेताला द्रौपदीचे लुगडे चढते. या प्रवेशाची कीर्ती एवढी आहे की त्याविषयी लिहिताना संकोच वाटतो. तरी दोन गोष्टी म्हटल्याच पाहिजेत.

एक म्हणजे, हा प्रवेश महाभारताची टिंगल करतो असे जे म्हणतात त्यांनी तो नीट पाहिलेला नाही. टिंगल आहे ती सौदेबाजीची. मूळ कथेत द्रौपदी ही जुगारात लावलेली वस्तू झाली होती. येथे प्रेत ही तशीच वस्तू आहे. आहुजा भीमाच्या वेषात रंगमंचावर घुसतो आणि द्रौपदी एकट्याची नाही, आम्ही सगळे भागीदार आहोत अशा अर्थाचे शेअरबाजारी बोल ऐकवतो, तेव्हा प्रेक्षागृह हसते. पण विचार केला तर तो त्या सभेतल्याइतकाच निर्लज्ज उद्गार आहे. आंधळा धृतराष्ट्र पुन्हा पुन्हा विचारतो, हे चालले आहे तरी काय? त्याला उत्तर कोणी देत नाही. मग मोगल दरबारातली मंडळीही रंगमंचावर येतात आणि शहाणपणाचे भाषण करायची जागाच उरत नाही.

दुसरी गोष्ट आम्हाला या वेळी प्रथमच जाणवली. वस्त्रहरणाच्या कथेत कृष्ण येतो. लहानपणी शेजारच्या गणपतीत हे नाटक पाहिलेल्या प्रत्येकाला माहीत आहे की टाळ्या पडतात त्या तेव्हाच. या चित्रपटातल्या वस्त्रहरणात सगळे येतात, भीम, दुर्योधन, अकबर, पोलीस. कृष्ण तेवढा येत नाही. दोघे गरीब मुलगे स्वतःच द्रौपदीचे लुगडे धरून बसतात. पुढे जे होणार आहे ते येथेच सांगून टाकलेले आहे, आणि आपण हसण्याच्या नादात ते ऐकत नाही.

यावरून आम्हाला आपल्या डेव्हिडची आठवण झाली. डेव्हिड अब्राहम चेऊलकर १९८१-८२च्या हिवाळ्यात दूर टोरांटोला वारले, हा चित्रपट पडद्यावर येण्याच्या दीड-एक वर्ष आधी. ‘बूट पॉलिश’मधील (१९५४) जॉनचाचा कोण विसरेल! हृषीकेश मुखर्जींच्या विनोदी चित्रपटांत तर त्यांचे ठरलेले काम असे. ‘चुपके चुपके’त (१९७५) ते थट्टेच्या कटात सामील असलेले वडीलधारे, ‘गोलमाल’मध्ये (१९७९) नोकरी कशी मिळवावी हे भाच्याला सांगणारे डॉक्टरमामा. गोंधळ कितीही वाढो, कुठल्यातरी खोलीत डेव्हिड बसलेले आहेत आणि वेळ आली की ते मिशीतल्या मिशीत हसून सगळे मिटवतील असा प्रेक्षकाला भरवसा असे. (मिशी नव्हती, गुळगुळीत टक्कल होते, पण हसणे मिशीतलेच होते.) त्या चित्रपटांत घर असते, आणि घरात मोठे माणूस असते. ‘जाने भी दो यारों’मध्ये घर नाही. विनोद-सुधीरला आईबाप, काकामामा, चाळ, शेजारी, कोणीही नाही. ज्येष्ठ म्हणून जे कोणी भेटतात ते सर्व कंत्राटात गुंतलेले. मुंबईवर चित्रपट काढावा आणि त्यात एकही मामा असू नये, ही १९८३ साली नवी गोष्ट होती, आणि ती दिग्दर्शकाच्या नजरचुकीने घडलेली नाही.

भक्ती बर्वे यांच्याविषयी मराठी वाचकांना वेगळे सांगावे लागेल. पु. ल. देशपांड्यांची ‘ती फुलराणी’ १९७५ साली रंगभूमीवर आली आणि भक्तीबाईंची मंजुळा घराघरांत पोहोचली. तो गोड, खट्याळ आवाज येथे शोभा सेनच्या तोंडी ऐकताना कानाला आधी विश्वास बसतो आणि मग धक्का बसतो. शोभा सेन प्रामाणिक वृत्तपत्राची भाषा बोलते, मुलांच्या पाठीवर हात ठेवते, आणि मनात त्याच फोटोंवर तरनेजाकडून पैसे उकळायचा बेत करते. पंकज कपूरचा तरनेजा थंड, ओम पुरींचा आहुजा धसमुसळा. पण खरा घाव घालते ती शोभा, कारण आपला विश्वास तिच्यावर बसलेला असतो. २००१ साली मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावरील अपघातात भक्तीबाई गेल्या. पडद्यावर त्यांना अशा भूमिका अधिक मिळाल्या असत्या तर हिंदीवाल्यांचेच भले झाले असते.

दोष आहेत. मध्यंतराच्या सुमारास चित्रपट बराच रेंगाळतो. बाँब आणि मेजवानीचा भाग आमच्या मुलांना कंटाळवाणा वाटला आणि त्यांचे चुकले नाही. काही विनोद चित्रपटसृष्टीतल्या मित्रमंडळींपुरतेच आहेत : नायकांची नावे विधू विनोद चोप्रा आणि सुधीर मिश्रा या सहकाऱ्यांवरून ठेवलेली. ते कळले तर ठीक, न कळले तरी अडत नाही. पैशाची चणचण जागोजाग दिसते. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाने दिलेल्या जेमतेम सात लाखांत हे सारे उभे केले. नायकाच्या गळ्यातला कॅमेराही नसीरुद्दीन शहांचा स्वतःचा होता आणि चित्रीकरणाच्या काळात तोही चोरीला गेला म्हणतात. परंतु ही चणचण चित्रपटाला शोभते. हीच कथा भारी सजावटीत काढली असती तर तरनेजाच्या पैशांनी काढल्यासारखी वाटली असती.

आता मुलीच्या प्रश्नाकडे. शेवटी पोलीस येतात, दोघे मित्र आनंदाने पुरावा स्वाधीन करतात आणि बाजूला उभे राहतात, शाबासकीची वाट पाहत. तेवढ्यात तरनेजा, आहुजा, शोभा सेन आणि डिमेलोच्या जागी आलेला नवा आयुक्त श्रीवास्तव यांचे आपसांत जुळते. पूल कोसळल्याचा आळ या दोघांवर येतो. पुढच्या दृश्यात ते कैद्यांच्या कपड्यांत मुंबईच्या रस्त्यावरून चालत येतात, मागे आशेचे ते प्रसिद्ध समूहगीत वाजत असते, आणि दोघे आपल्याकडे वळून गळ्यावरून बोट फिरवतात.

आमच्या मंडळीत यावर बराच वाद झाला. एका पक्षाचे म्हणणे, हा शेवट निराशेचा आहे. असे चित्रपट परदेशी वाढणाऱ्या मुलांना दाखवले तर त्यांच्या मनात आपल्या जन्मभूमीविषयी आढी बसेल. आम्हाला हे पटत नाही. दिमोना, अश्दोद, लोद येथील आपल्या घरांतून आणि येथल्या घरांतूनही मुंबईचे जे चित्र मुलांना मिळते ते बहुधा एकाच रंगाचे असते : भायखळ्याची गजबज, नागपाड्याची बिर्याणी, माझगावची शाळा, शेजाऱ्यांचे प्रेम. ते खोटे नाही. पण त्या मुंबईतही आयुक्त होते, कंत्राटदार होते, आणि त्यांच्यामध्ये सापडलेले प्रामाणिक लोक होते; त्यांतले काही आपलेच कारकून, ओव्हरसियर आणि रेल्वेचे मोटरमन होते. वरच्याने सही कर म्हटले आणि यांनी केली नाही, म्हणून बढती राहिली, अशी हकिगत ज्या घरात नाही असे बेने इस्रायल घर आम्हाला दाखवा. ही माणसे वीर म्हणून कोणी गौरवली नाहीत. कित्येकांनी घरीसुद्धा सांगितले नाही. विनोद आणि सुधीर पाहताना आम्हाला चॅप्लिनपेक्षा ही माणसे आठवतात.

दुसऱ्या पक्षाचे म्हणणे अधिक अवघड होते. गळ्यावरून बोट फिरवणे म्हणजे ‘आमचा गळा कापला’ असे नव्हे, ‘तुमचाही कापला जातो आहे आणि तुम्ही हसता आहात’ असे. आम्ही याच बाजूचे. ते दोघे वळून पाहतात ते तरनेजाकडे नव्हे, खुर्चीवर बसलेल्या आपल्याकडे. आता, जे शहर सोडून आले, ज्यांना त्या पुलावरून रोज जायचे नाही, त्यांच्याकडे वळून ते काय सांगतात? सोडून आलेल्यांचा गळा सुटला, की आपण फक्त बोट फिरलेले पाहत नाही? यावर आमच्याकडे पहाटे दीडपर्यंत बोलणे चालले, आणि दुसऱ्या दिवशी रविवार, येथे कामाचा दिवस.

‘मग याला कॉमेडी का म्हणतात’ यावर आमचे उत्तर एवढेच, की दोघे शेवटपर्यंत विनोदी चित्रपटातल्या माणसांसारखेच वागतात; पुरावा दिला की सगळे नीट होईल असा त्यांचा भोळा विश्वास आहे. आजूबाजूचे जग तेवढे दुसऱ्या प्रकारच्या चित्रपटातले निघाले. हे उत्तर त्या मुलीला पुरेसे वाटले नाही. ती म्हणाली, तर मग त्या जगाला कोणी काही केले पाहिजे होते.

कुंदन शहा ७ ऑक्टोबर २०१७ रोजी गेले, रवी बासवानी २०१०मध्ये, ओम पुरी २०१७च्या आरंभी. पहिल्याच चित्रपटासाठी कुंदन शहांना राष्ट्रीय पारितोषिक मिळाले होते. २०१५ साली त्यांनी ते निषेध म्हणून परत केले. आरंभी चित्रपटगृहांत हा चित्रपट फारसा चालला नव्हता. दूरदर्शनने आणि कॅसेटींनी तो घरोघर नेला, आणि २०१२मध्ये दुरुस्त केलेल्या प्रतीतून तो पुन्हा चित्रपटगृहांत लागला. ज्यांना पाहायचा असेल त्यांनी ती नवी प्रत मिळवावी. जुन्या प्रतींत रात्रीची दृश्ये इतकी काळी झाली आहेत की बागेतला खून दिसतच नाही, आणि तो दिसला नाही तर फोटो मोठा करण्याची गंमत वाया जाते. हिंदी न समजणाऱ्या मुलांना महाभारताचा प्रवेश येण्यापूर्वी वस्त्रहरणाची कथा आजीकडून सांगवावी. आमच्याकडे ती सांगायला पंधरा मिनिटे लागली, मध्ये चहा झाला, आणि कृष्ण कधी येतो म्हणून मुले पडद्याकडे पाहत बसली.